जहाज मोडायला कुठे जाते?

इंग्लंडच्या ईशान्य किनाऱ्यावर हार्टलपूल नावाचे बंदर आहे. तिथे ‘ट्रिंकोमाली’ ही जुनी युद्धनौका लोक तिकीट काढून पाहतात. ती मुंबईची. वाडियांच्या हाताखाली मलबारी सागवानात बांधली गेली आणि १८१७ साली पाण्यात उतरली. दोनशे वर्षे होऊन गेली, अजून तरंगते आहे. याच हार्टलपूलला २००९ साली फ्रान्सची ‘क्लेमांसो’ ही विमानवाहू नौका तोडण्यासाठी आणली गेली. मूळ बेत तिला गुजरातेत अलंगला पाठवण्याचा होता. २००५च्या अखेरीस ती निघालीही होती. पण तिच्या पोटात ॲस्बेस्टॉस होते. त्यावरून दोन्ही देशांत गदारोळ झाला, प्रकरण आपल्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि फेब्रुवारी २००६मध्ये अध्यक्ष शिराक यांनी तिला वाटेतूनच परत बोलावले.

जहाजांचा इतिहास लिहिणारे बांधणीबद्दल लिहितात, लढायांबद्दल लिहितात, बुडण्याबद्दल तर भरभरून लिहितात. पण बहुतेक जहाजे बुडत नाहीत. म्हातारी होतात आणि मोडली जातात. ती कुठे मोडली आणि कोणी मोडली याचा माग काढला, की त्या काळी कोणत्या किनाऱ्यावर माणूस स्वस्त होता ते कळते, असे माझे मत झाले आहे.

हे काम गरीब आशियाच्याच वाट्याला आलेले, असे आज वाटते. पूर्वी ब्रिटन आपली जहाजे घरीच मोडत असे. ट्रफल्गारच्या लढाईत गाजलेले ‘टेमरेर’ १८३८ साली लंडनजवळ रॉदरहाइथला ओढत नेऊन मोडले. टर्नरने त्यावर काढलेले चित्र प्रसिद्धच आहे. लाकडी जहाजाला तेव्हा मोल होते. लंडनमधले ‘लिबर्टी’ हे दुकान १९२४ साली बांधले, त्यात दोन जुन्या युद्धनौकांचे लाकूड वापरले आहे. त्यातली एक ‘हिंदुस्तान’. पुढे लोखंडी जहाजांचा काळ आला. ‘टायटॅनिक’ची थोरली बहीण ‘ऑलिम्पिक’ १९३५ साली जॅरो या गावी मोडायला नेली. का? तर तिथला जहाजबांधणीचा कारखाना बंद पडला होता आणि गाव बेकारीने हवालदिल झाले होते. लोकांच्या हाताला काम मिळावे म्हणून एका खासदाराने ती विकत घेतली. तरीही पुढच्याच वर्षी त्या गावातले सुमारे दोनशे बेकार पायी लंडनला निघाले. म्हणजे इंग्लंडातही जहाज मोडायला गेले ते उपाशी गावातच.

दुसऱ्या महायुद्धानंतर युरोपात मजुरी वाढली, तसा धंदा पूर्वेकडे सरकला. १९७०-८०च्या सुमारास तैवानमधले काओशुंग जगात पहिले होते. तिथे निदान धक्का होता, क्रेन होत्या. १९८६ साली तिथे एका टँकरवर मोठा स्फोट झाला, माणसे मेली. तैवानही तोवर श्रीमंत होत चालला होता. तिथला धंदा आटत गेला.

आपल्या उपखंडात मात्र धक्काही लागला नाही. बांगलादेशातली सुरुवात तर निव्वळ योगायोगाची. १९६०च्या चक्रीवादळात एक ग्रीक जहाज चितगावजवळ सीताकुंडच्या किनाऱ्यावर चढले, ते काही केल्या निघेना. काही वर्षांनी ते जागच्या जागी तोडले गेले. १९७१च्या युद्धात बाँबहल्ल्याने निकामी झालेले ‘अल अब्बास’ हे पाकिस्तानी जहाज १९७४मध्ये भंगारात विकले गेले. ज्या देशात लोहखनिज नाही, त्याला पोलादाची खाण समुद्रात सापडली. कराचीच्या पश्चिमेला, बलुचिस्तानच्या किनाऱ्यावरचे गडानी १९८०च्या दशकात ऐन भरात होते. तीस हजारांवर मजूर तिथे राबत.

अलंगला पहिले जहाज लागले १३ फेब्रुवारी १९८३ रोजी. खंभातच्या आखातात भरती-ओहोटीतला फरक प्रचंड आणि किनारा उताराचा. अमावस्या-पौर्णिमेच्या उधाणाला कप्तान जहाज पूर्ण वेगात वाळूवर घालतो. पाणी उतरले की दहा-बारा मजली इमारतीएवढे धूड उघडे पडते आणि माणसे त्याच्याभोवती पायी फिरतात. गोदीचे काम समुद्र करतो, उरलेले काम गॅस कटर आणि माणसांचे खांदे. कापलेल्या पत्र्यांच्या रोलिंग मिलमध्ये सळ्या होतात आणि आपल्या इमारतींच्या स्लॅबमध्ये जातात. कपाटे, खाटा, भांडी अलंगच्या रस्त्यालगतच्या दुकानांत येतात. वर्तमानपत्रे याला ‘जहाजांचे कब्रस्तान’ म्हणतात. मला ते पटत नाही. कब्रस्तानात देह मातीच्या हवाली करून लोक घरी जातात. इथे खिळासुद्धा मागे ठेवत नाहीत.

मुंबईतही हा धंदा आहे, रे रोडजवळ दारूखान्याला. नाव ऐकून नवखा माणूस हसतो, पण ही दारू बंदुकीची. जिथे सागवानी युद्धनौका बांधल्या, त्याच बंदराच्या काठी २०१४च्या नोव्हेंबरात ‘विक्रांत’ कापायला घेतली. १९७१मध्ये तिच्या विमानांनी चितगाव आणि कॉक्स बाजारवर हल्ले केले होते. निवृत्तीनंतर काही वर्षे ती मुंबईत संग्रहालय म्हणून उभी होती. पण ती राखायला पैसा कोणी काढेना. लिलावात सुमारे साठ कोटींना गेली, न्यायालयातही वाचली नाही. बजाजने तिच्या पोलादातून मोटारसायकल काढली, ती खपलीही. मुंबईत बांधलेले जहाज हार्टलपूलने जपले आणि मुंबईने ‘विक्रांत’ भंगारात काढली, यावर हळहळणारे पुष्कळ भेटतात. मीही हळहळतो. पण ती कापणाऱ्या माणसाला काय दर मिळाला, हे विचारणारा मला अजून भेटलेला नाही.

आमच्या कोकणातल्या मुस्लिम वस्त्यांतून पिढ्यान्‌पिढ्या लोक ब्रिटिश आगबोटींवर खलाशी, सारंग म्हणून गेले. त्यांची नावे बोटीच्या कागदांवर तरी चढत. अलंगचा मजूर ओडिशाचा, बिहारचा, उत्तर प्रदेशचा. किनाऱ्यालगतच्या झोपडीला तिथे ‘खोली’च म्हणतात. वरून पत्रा कोसळतो, टाकीत साचलेला वायू पेट घेतो. ॲस्बेस्टॉसचे तंतू छातीत जाऊन बसतात, ते दुखणे वीस-तीस वर्षांनी गावी गेल्यावर उमटते. ते कोणत्या जहाजाचे, हे कसे सिद्ध करणार? गडानीत १ नोव्हेंबर २०१६ रोजी टँकरला आग लागली. किमान सव्वीस माणसे गेली. जहाज साफ न करताच कापायला घेतले होते.

जहाजतोडणीसाठीचा हाँगकाँग करार २००९ साली झाला आणि जून २०२५मध्ये लागू झाला. मधली सोळा वर्षे देशांच्या सह्या जमवण्यात गेली. भारताने २०१९ साली मान्यता देऊन स्वतःचा कायदाही केला. अलंगमधल्या अनेक प्लॉटवर आता पक्क्या फरशा आहेत, प्रशिक्षण आहे, हे मान्य करायला हवे. पण शेवटच्या फेरीला निघताना जहाज दलालाला विकायचे, नावातली दोन-चार अक्षरे पुसायची आणि कोमोरोस किंवा सेंट किट्स अँड नेव्हिसचा झेंडा चढवायचा, हा शिरस्ता जुनाच. मालक युरोपातला, दलाल दुबईतला, झेंडा तिसऱ्याचाच, वाळू गुजरातची, कटर धरणारा ओडिशाचा. अपघात झाला की पोलिसांचा पंचनामा वाळूवर होतो आणि चौकशी फार तर मुकादमापर्यंत पोहोचते.