वाचनाच्या कोड्यातून न्यूरल नेटवर्ककडे : डेव्हिड रुमेलहार्ट यांची वाटचाल

डेव्हिड रुमेलहार्ट (१९४२–२०११) हे अमेरिकी मानसशास्त्रज्ञ. न्यूरल नेटवर्कला शिकवण्याची ‘बॅकप्रोपगेशन’ ही पद्धत १९८६ मध्ये ज्या शोधनिबंधामुळे सर्वदूर पोचली, त्याचे ते पहिले लेखक. आजची भाषांतर करणारी, चित्रे ओळखणारी, संवाद साधणारी यंत्रे याच पद्धतीवर घडवली जातात. रुमेलहार्ट यांचा प्रश्न मात्र यंत्राचा नव्हता. वाचताना, बोलताना, आठवताना माणसाच्या मनात इतक्या गोष्टींचा मेळ एका क्षणात कसा बसतो, याचा शोध घेत ते या पद्धतीपर्यंत पोचले.

साउथ डकोटा राज्यात जन्मलेल्या रुमेलहार्ट यांनी तेथील विद्यापीठातून १९६३ मध्ये मानसशास्त्र आणि गणित या विषयांत पदवी घेतली. १९६७ मध्ये स्टॅनफर्ड विद्यापीठाने त्यांना गणिती मानसशास्त्रात पीएच.डी. दिली. त्याच वर्षी ते सॅन दिएगो येथील कॅलिफोर्निया विद्यापीठात रुजू झाले आणि पुढची वीस वर्षे तेथेच राहिले. त्यांचे महत्त्वाचे जवळजवळ सगळे काम या वीस वर्षांतले आहे.

त्या काळी बोधनिक मानसशास्त्र नवे होते आणि मनाकडे संगणकाच्या नजरेतून पाहत होते. विचार म्हणजे चिन्हांवर नियमांनुसार, एकामागून एक केलेल्या क्रिया, अशी धारणा होती. रुमेलहार्ट यांची सुरुवातही तिथूनच झाली. पीटर लिंडसे आणि डोनाल्ड नॉर्मन यांच्यासोबत त्यांनी अर्थाच्या स्मृतीचा आराखडा संगणकावर उभा केला. तिघांच्या आडनावांच्या आद्याक्षरांवरून हा गट ‘एलएनआर’ म्हणून ओळखला जाई. गटाचे काम १९७५ मध्ये ग्रंथरूपाने आले. त्याच वर्षी रुमेलहार्ट यांनी गोष्टींचे व्याकरण मांडले : ऐकलेली गोष्ट माणूस प्रसंग, हेतू, प्रयत्न, परिणाम अशा साच्यात बसवून समजून घेतो आणि तशीच आठवतो. ज्ञानाच्या अशा साच्यांना ते ‘स्कीमा’ म्हणत.

ही चौकट वाचनाच्या प्रश्नावर अडली. एखादे अक्षर एकटे क्षणभर दाखवले तर ते जितके अचूक ओळखू येते, त्याहून अधिक अचूक ते शब्दाच्या आत ओळखू येते, हे १९६९ पासून प्रयोगांनी दाखवून दिले होते. अक्षरे ओळखून मग शब्द जुळवायचा, असा सरळ क्रम असेल तर शब्द अक्षराला मदत करेल कसा? शब्द अजून जुळायचाच असतो. १९७७ च्या एका लेखात रुमेलहार्ट यांनी हा क्रमच नाकारला. रेषा, अक्षर, शब्द, वाक्यरचना, अर्थ हे सगळे स्तर एकाच वेळी चालू असतात आणि वरचा स्तर खालच्याला आधार देतो, असे त्यांनी मांडले.

या मांडणीला नेमके रूप मिळाले ते १९७४ मध्ये त्याच विद्यापीठात आलेल्या जेम्स मॅक्लेलंड यांच्यासोबत. दोघांचे प्रारूप १९८१ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यात रेषा, चार अक्षरी शब्दांतली अक्षरे आणि १,१७९ शब्द असे तीन थर होते. प्रत्येक घटक जुळणाऱ्या घटकांना चालना देई आणि न जुळणाऱ्यांना दाबे. शेवटचे अक्षर अर्धवट पुसलेले असले तरी पहिली तीन अक्षरे काही मोजक्या शब्दांना चेतवत आणि तेच शब्द खाली उतरून चौथे अक्षर उजळवत. शब्दांच्या मदतीचे कोडे असे सुटले. त्यासाठी कोणताही नियम लिहावा लागला नाही, जोडण्यांची ताकद तेवढी ठरवावी लागली. ती मात्र अजून दोघे हाताने ठरवत होते.

अनेक घटक एकाच वेळी काम करतात, या कल्पनेला मेंदूच्या वेगाचाही आधार होता. चेतापेशीला एका क्रियेसाठी काही हजारांश सेकंद लागतात, तर माणूस चेहरा किंवा शब्द अर्ध्या सेकंदात ओळखतो. तेवढ्यात जेमतेम शंभर पायऱ्या होतील, असा युक्तिवाद जेरोम फेल्डमन यांनी केला होता. म्हणजे काम समांतर चालत असले पाहिजे. या विचाराच्या लोकांचा ‘पीडीपी’ (पॅरलल डिस्ट्रिब्युटेड प्रोसेसिंग) गट १९८२ मध्ये सॅन दिएगोत जमला. रुमेलहार्ट, मॅक्लेलंड आणि जेफ्री हिंटन हे त्याचे सूत्रधार. जवळच्याच साल्क संस्थेतले फ्रान्सिस क्रिक हेही गटाच्या ग्रंथाचे एक लेखक होते.

जोडण्यांची ताकद अशा घटकांच्या जाळ्याने, म्हणजे न्यूरल नेटवर्कने, स्वतः कशी शिकावी, हा प्रश्न उरला होता. फ्रँक रोझेनब्लॅट यांचे १९५८ चे ‘परसेप्ट्रॉन’ शिकत असे, पण आत आणि बाहेर यांमध्ये शिकणारा थर नसल्याने त्याला काही साधी कोडीही सुटत नसत. ही मर्यादा मार्विन मिन्स्की आणि सेमूर पेपर्ट यांनी १९६९ मध्ये गणिताने सिद्ध केल्यावर या विषयाकडचा ओघ आटला. मधला थर घातला, तरी त्यातल्या कोणत्या जोडणीची चूक किती, हे कसे कळणार? रुमेलहार्ट यांनी घटकांचा प्रतिसाद एकदम चालू-बंद न ठेवता हळूहळू वाढणारा ठेवला. मग शेवटच्या उत्तरातली चूक कलनशास्त्राच्या साखळी नियमाने थराथरातून मागे नेता येते आणि प्रत्येक जोडणीचा वाटा काढून ती किंचित बदलता येते. हिंटन यांना आधी या पद्धतीचा भरवसा नव्हता; ते दुसऱ्या पद्धतीकडे वळले आणि नंतर इकडे परतले.

हे गणित आधीही काहींनी मांडले होते; पॉल वेर्बोस यांचा १९७४ चा प्रबंध त्यांपैकी एक. पण रुमेलहार्ट, हिंटन आणि रोनाल्ड विल्यम्स यांच्या ऑक्टोबर १९८६ मधील ‘नेचर’च्या लेखात एक वेगळी गोष्ट दिसली. एक इंग्रजी आणि एक इटालियन अशा दोन कुटुंबांतल्या एकूण २४ व्यक्तींची नाती जाळ्याला शिकवली, तेव्हा पिढी आणि घराण्याची शाखा या कल्पना कोणी न सांगता मधल्या थरात तयार झाल्या. मानसशास्त्रज्ञासाठी खरा शोध हाच होता.

त्याच वर्षी पीडीपीचे दोन खंड आले. त्यांत रुमेलहार्ट यांनी आपली जुनी स्कीमाची कल्पना नव्याने तपासली, आणि हा भाग सर्वांत मोलाचा म्हणावा लागेल. खोल्यांची ४० वैशिष्ट्ये घेऊन ती एकत्र किती वेळा आढळतात त्यावरून जोडण्या ठरवल्या. ‘ओव्हन’ हा घटक चालू ठेवला की जाळे स्वयंपाकघराच्या चित्रावर स्थिरावे. पलंग आणि सोफा दोन्ही चालू ठेवले की ऐसपैस, सजवलेली झोपायची खोली उभी राही. ‘स्वयंपाकघर’ नावाचा साचा जाळ्यात कुठेच साठवलेला नव्हता. गरज पडेल तेव्हा तो जोडण्यांमधून घडत होता.

वाद पेटला तो इंग्रजी भूतकाळाच्या प्रारूपावरून. मराठी मूल जसे ‘केलं’ऐवजी ‘करलं’ म्हणते, तसे इंग्रजी मूल ‘गो’चे भूतकाळी रूप आधी ‘वेंट’ असे बरोबर म्हणते, मग काही काळ नेहमीचा प्रत्यय लावून ‘गोएड’ म्हणू लागते आणि शेवटी पुन्हा सुधारते. रुमेलहार्ट-मॅक्लेलंड यांच्या जाळ्याने ५०६ क्रियापदांवर हा चढउतार दाखवला, आणि तोही नियम न शिकता. स्टीव्हन पिंकर आणि ॲलन प्रिन्स यांनी १९८८ मध्ये त्यावर कडक टीका केली : आधी दहा क्रियापदे देऊन मग एकदम शेकडो दिल्यानेच हा परिणाम दिसतो. आक्षेप वजनदार होता, आणि पुढची प्रारूपे त्यामुळेच सुधारली. नियम मनात असतात की जोडण्यांतून नियमासारखे वर्तन निघते, हा वाद भाषाशास्त्रात आजही चालू आहे.

१९८७ मध्ये रुमेलहार्ट यांना मॅकआर्थर फेलोशिप मिळाली आणि ते स्टॅनफर्डला परतले. तेथे जाळ्याने गरजेपुरत्याच जोडण्या ठेवाव्यात यासाठीच्या पद्धतींवर त्यांनी काम केले. पुढे त्यांना पिक्स डिसीज जडला. स्मृती आणि अर्थ यांचा अभ्यास करणाऱ्या माणसाची बुद्धीच या मेंदूविकाराने हळूहळू हिरावून घेतली. १९९८ मध्ये त्यांनी विद्यापीठ सोडले आणि १३ मार्च २०११ रोजी मिशिगन राज्यात त्यांचे निधन झाले.

त्यांचे माजी विद्यार्थी रॉबर्ट ग्लुश्को यांच्या पुढाकाराने बोधनिक विज्ञानासाठी एक लाख डॉलरचा रुमेलहार्ट पुरस्कार सुरू झाला. २००१ मध्ये तो प्रथम हिंटन यांना मिळाला. २०१० मध्ये मॅक्लेलंड आणि २०१५ मध्ये सॅन दिएगोतले रुमेलहार्ट यांचे विद्यार्थी मायकेल जॉर्डन त्याचे मानकरी ठरले. हिंटन यांना २०२४ चे भौतिकशास्त्राचे नोबेल जॉन हॉपफिल्ड यांच्यासोबत विभागून देण्यात आले.