अंतरपाट ते कमाटीबाग : बडोद्याच्या मराठी घरांतली पहिली भेट

१९११ च्या दिल्ली दरबाराचा विषय निघाला की कुठलाही बडोदेकर एकच गोष्ट सांगतो. सयाजीराव महाराज बादशहासमोर नीट लवले नाहीत, पाठ फिरवून निघाले, आणि इंग्रजांचा जळफळाट झाला. गोष्ट खरी आहे, महत्त्वाचीही आहे. पण त्याच दरबाराच्या गर्दीत, त्याच गायकवाडांच्या घरात, आणखी एक गोष्ट घडली आणि मला विचाराल तर आपल्या घरांच्या इतिहासाला ती जास्त जवळची आहे. महाराजांच्या एकोणीस वर्षांच्या मुलीने, इंदिराराजेंनी, तिथे एक मुलगा पाहिला. तिला दाखवलेला नव्हे. तिने पाहिलेला.

त्या गोष्टीकडे येतोच. पण आधी थोडं मागे जावं लागेल. कारण आपण 'मुलगी पाहण्याचा कार्यक्रम' ही परंपरेने चालत आलेली, शेकडो वर्षांची चाल आहे असं धरून चालतो. आपल्या मंडळासाठी बडोद्यातल्या मराठी घरांच्या आठवणी गोळा करायला लागलो तेव्हा माझ्यातला इंजिनिअर जागा झाला. एखादं यंत्र किती जुनं आहे ते कळत नसेल तर त्याचे सुटे भाग बघावेत. कुठला बोल्ट कुठल्या काळातला आहे ते कळलं की यंत्राचं वय कळतं. या कार्यक्रमाचे भाग कोणते? लाजत का होईना, पण उत्तरं देऊ शकेल एवढी मोठी मुलगी. स्वतः हजर असलेला मुलगा. चहा. पोहे. शिक्षणाबद्दलचे प्रश्न. परगावाहून एका दिवसात येऊन जाणारे पाहुणे. आता एकेक भाग घेऊ.

मुलगी आठ-नऊ वर्षांची असेल तर तिला विचारणार काय? एकोणिसाव्या शतकात आपल्याकडच्या ब्राह्मण आणि बऱ्याचशा मराठा घरांत लग्नं त्याच वयात व्हायची. मुलगी पाहिली जायची, नाही असं नाही, पण पाहणारे असायचे वडीलधारे. सासरा, चुलता, फार तर मध्यस्थ भटजी. कूळ, गोत्र, पत्रिका आणि देणंघेणं जमलं की सोयरीक झाली. नवऱ्या मुलाने यायचं कारणच नव्हतं.

मग त्या दोघांची पहिली भेट कुठे? थेट बोहल्यावर. मधे अंतरपाट, दोन बाजूंना दोघं, मंगलाष्टकं चालू, आणि 'सावधान' म्हणून पडदा दूर झाला की पहिली नजर. आज अंतरपाट हा फोटो काढायचा क्षण झाला आहे, दोघं वर्षभर रोज फोनवर बोलत असतात आणि तरी पडदा धरतात. त्या काळी तो पडदा खरोखर काहीतरी झाकत होता. विधीत 'परस्पर निरीक्षण' म्हणून जे आहे, ते त्या मुलांच्या बाबतीत शब्दशः पहिलं निरीक्षण असायचं.

आणि लग्नातले खेळ बघा. मुठीत घट्ट धरलेली सुपारी दुसऱ्याने सोडवायची. विडा दातांनी तोडायचा. घास भरवायचा. नाव घ्यायचं. आपण याला हौसमौज म्हणतो. पण दोन अनोळखी मुलांना, ज्यांनी एकमेकांशी एक शब्द बोललेला नाही, सगळ्यांसमोर एकमेकांच्या हाताला हात लावायला लावणारी, हसवणारी ही पद्धत मोठी हुशारीची होती. ओळख करून देण्याचं काम खेळावर सोपवलेलं होतं. मोठ्यांचा एक शब्द न लागता.

घरात गेल्यावर काय व्हायचं याची आपल्याकडची सगळ्यात बोलकी नोंद पुण्याची आहे. १८७३ साली रमाबाई अकरा वर्षांच्या आणि न्यायमूर्ती रानडे तिशी ओलांडलेले. रानड्यांच्या मनात विधवेशी विवाह करायचा होता, वडिलांपुढे त्यांचं चाललं नाही. त्या लग्नातून घरी आलेल्या मुलीला त्यांनी लिहिता-वाचता येतं का ते विचारलं, आणि शिकवणं लगेच सुरू झालं. रमाबाईंनी पुढे १९१० साली आठवणी छापल्या त्यात हे सगळं आहे. नवराबायकोची पहिली भेट म्हणजे धुळाक्षरं. मी ते जेव्हा वाचतो तेव्हा दोन्हींचा विचार मनात येतो, त्या माणसाच्या मोठेपणाचा आणि त्या अकरा वर्षांच्या पोरीचाही, जिला काय चाललंय ते उमगलं तरी असेल का.

आता बडोदं. १९०४ साली सयाजीरावांनी संस्थानात बालविवाह प्रतिबंधाचा कायदा केला. मुलीला बारा, मुलाला सोळा ही किमान वयं. ब्रिटिश हिंदुस्थानात असा कायदा यायला १९२९ साल उजाडलं, तो हरबिलास सारडांचा. (मराठीत आपण त्याला 'शारदा कायदा' म्हणून टाकलं, आणि देवलांच्या 'शारदे'मुळे कित्येकांना तो त्या नाटकावरूनच आला असं वाटायचं. एका परीने न्यायच झाला म्हणायचा.) म्हणजे बडोदं पंचवीस वर्षं पुढे. कायदा झाला म्हणून लगेच लोक सुधारले असं नाही. दंड भरून मोकळे होणारे पुष्कळ होते, लग्नखर्चात एक बाब वाढली इतकंच. पण १९०६ साली संस्थानभर सक्तीचं प्राथमिक शिक्षण आलं, तेही मुलींसकट. या दोन गोष्टी एकत्र धरा. मुलगी शाळेत जाऊ लागली आणि लग्न दोन-चार वर्षं पुढे सरकलं. मुलगा बडोदा कॉलेजात इंग्रजी शिकून आला. तो आता म्हणू लागला, मला मुलगी पाहू द्या. वडील कुरकुरत का होईना, हो म्हणाले. आपला 'कार्यक्रम' इथे जन्मतो.

चहाचा बोल्टही याच काळातला. चहावर सेस बसवून त्या पैशातून प्रचार करायचा कायदा १९०३ सालचा, आणि गावोगावी चहाचा प्रचार जोरात झाला तो १९३० च्या आसपास. त्याआधी मध्यमवर्गीय मराठी घरात पाहुण्यापुढे चहाचा ट्रे घेऊन मुलगी येतेय हे चित्र बसत नाही. पोहे जुनेच आहेत, सुदाम्याइतके. पण चहा-पोहे ही जोडी, आणि ती घेऊन येणारी मुलगी, ही विसाव्या शतकातली. शेवटचा भाग रेल्वे. बडोद्यातली मराठी वस्ती म्हणजे रावपुरा, दांडिया बाजार, बाबाजीपुरा, इतकीच. एवढ्यात आपापल्या पोटजातीत, सगोत्र टाळून स्थळं मिळणार किती? म्हणून मग इंदूर, ग्वाल्हेर, मुंबई, पुणे. रात्रीच्या गाडीने यायचं, कुणा नातेवाइकाकडे उतरायचं (मुलीच्या घरी नाही, तो दंडक), सकाळी पाहायचं आणि परत. आगगाडीशिवाय हा कार्यक्रम चालूच शकला नसता.

तेव्हा हिशेब असा : आपली ही 'प्राचीन परंपरा' जेमतेम शंभर-सव्वाशे वर्षांची आहे. आणि ती सुधारणेतून आली आहे, सनातनातून नाही.

आता इंदिराराजे. त्या बडोदा कॉलेजात शिकल्या होत्या, इंग्लंड पाहिलं होतं. आई चिमणाबाईसाहेब स्वतः स्त्रियांच्या प्रश्नावर लिहिणाऱ्या. हिंदुस्थानी स्त्रीचं समाजातलं स्थान या विषयावरचं त्यांचं इंग्रजी पुस्तक निघालं तेही १९११ सालीच. अशा घरातल्या मुलीची सोयरीक ठरली होती ग्वाल्हेरच्या माधवराव शिंद्यांशी. दोन्ही मराठा राजघराणी, तोलामोलाची. पण शिंदे वयाने सुमारे पंधरा वर्षांनी मोठे, आधीची पत्नी होती, आणि ग्वाल्हेरच्या राजवाड्यातला पडदा बडोद्याहून कडक. कॉलेजात गेलेल्या मुलीला पडद्याआड जायचं होतं.

दरबाराच्या निमित्ताने दिल्लीत तंबूंची गावंच्या गावं वसली होती. एकमेकांच्या तळावर येणंजाणं, मेजवान्या. तिथे इंदिराराजे आणि कूचबिहारचे जितेंद्रनारायण एकमेकांच्या सहवासात आले. ते धाकटे राजपुत्र, मोठा भाऊ हयात, म्हणजे गादीची आशा नाही. जात वेगळी, प्रांत वेगळा, आई ब्राह्मो पुढारी केशवचंद्र सेनांची मुलगी, घरातली राहणी विलायती. बडोद्याच्या दृष्टीने एकही गुण जुळत नव्हता. आणि इंदिराराजेंनी काय केलं, तर स्वतः शिंद्यांना पत्र लिहून लग्न मोडलं. वडिलांना विचारलं नाही. महाराजांना कळलं ते ग्वाल्हेरहून विचारणा करणारी तार आली तेव्हा. त्यांची मुलगी गायत्रीदेवी यांनी आपल्या आत्मचरित्रात हे सविस्तर सांगितलं आहे.

इथे सयाजीरावांचा भक्त म्हणूनही मला जे दिसतं ते लिहिलं पाहिजे. विधवाविवाहाचा कायदा करणारे, बालविवाह बंद करणारे, मुलींना शाळेत घालणारे महाराज आपल्या मुलीच्या या एका निर्णयापुढे अडून बसले. मुलीला आणि जितेंद्रनारायणांना भेटण्याची बंदी झाली. चिमणाबाईसाहेबांचाही विरोधच. दीड-पावणेदोन वर्षं ओढाताण चालली. शेवटी १९१३ साली लंडनमध्ये लग्न झालं, आणि आईवडील त्या लग्नाला हजर नव्हते. त्याच वर्षी थोरले बंधू वारले आणि जितेंद्रनारायण गादीवर आले, तो पुढचा भाग.

यात कुणाला महाराजांचा दुटप्पीपणा दिसेल. मला तसं वाटत नाही. त्यांच्या कायद्याचा विषय होता लग्नाचं वय. लग्न कुणाशी, हे ठरवण्याचा हक्क मुलीचा, असं त्या कायद्यात कुठेच नव्हतं. वय वाढवलं की पाठोपाठ मत येतं, हे त्यांना घरात कळलं. राज्यात कळायला अजून काही वर्षं होती. आणि १९३१ साली याच महाराजांनी हिंदूंना घटस्फोटाची मुभा देणारा कायदा केला, तेव्हा या माणसाने मधल्या काळात काहीतरी विचार केला होता एवढं धरायला हरकत नाही.

रावपुऱ्यातल्या कारकुनाच्या मुलीला अर्थातच दिल्लीचे तंबू नव्हते. तिला पाट होता. पाटावर बसायचं, खाली पाहायचं. नाव सांगा. किती शिकल्या. स्वयंपाक येतो का. वर्तमानपत्र वाचून दाखवा, म्हणजे वाचन आणि डोळे दोन्ही तपासून झाले. जरा पाणी आणता का, म्हणजे चाल कळली. माझ्या आत्याला पन्नासच्या दशकात सुईत दोरा ओवायला लावला होता. तिने तो ओवला आणि सुई मुलासमोर धरून म्हणाली, "आता तुम्ही ओवा." खोलीत शांतता पसरली. आजोबांना घाम फुटला. मुलाने चौथ्या प्रयत्नात ओवला म्हणे. तेच आमचे मामंजी झाले असते तर गोष्ट छान झाली असती, पण तसं नाही. आठ दिवसांनी कार्ड आलं, 'पत्रिका जुळत नाही.'

या वाक्यावर खरं तर वेगळा लेख लिहावा. पत्रिका आधी जुळवूनच पाहुणे यायचे, मग येऊन गेल्यावर ती न जुळण्याचं काय कारण? पण त्या वाक्याने मुलीचा रंग, उंची, हुंडा यातलं काहीच बोलावं लागायचं नाही. दोष ग्रहांचा. सभ्यपणा होता तो, यात शंका नाही. पण ज्या घरी अशी दहा-बारा कार्डं आली तिथल्या मुलीला त्या सभ्यपणाचा अर्थ नेमका कळायचा. मुलीकडून नकाराचं कार्ड गेलेलं मी आतापर्यंत एकच पाहिलं आहे, इंदूरच्या एका घराला गेलेलं, आणि त्यातही शब्द तेच, पत्रिकेचे.

सत्तरच्या दशकात एक नवा भाग बसला : "मुलांना जरा बोलू द्या." पण घरं दोन खोल्यांची, बोलणार कुठे? म्हणून कमाटीबाग. पाहुण्यांचा चहा झाला की मुलगा-मुलगी बागेत एक चक्कर मारून यायची, सोबत घरातलं एखादं लहान पोर. आमच्या ताईच्या वेळी ते पोर मी होतो. मला छोट्या आगगाडीत बसवून दोघं बाकावर जाऊन बसली. गाडीचा फेरा तो केवढा, पण मला लागोपाठ तीन तिकिटं काढून दिली गेली तेव्हाच स्थळ पसंत आहे हे घरी सगळ्यांच्या आधी मला कळलं होतं. ताईला नंतर विचारलं, काय बोललात? म्हणाली, "त्यांनी विचारलं, गरबा खेळता का. मी म्हटलं, हो, आणि लग्नानंतरही खेळणार." बडोद्याच्या मराठी मुलीची ही अट पुण्यात कुणाला सुचली नसती. नवरात्रातलं मैदान ही इथली खरी पाहण्याची जागा होती. तिथे पाट नव्हता, ट्रे नव्हता, आणि कोण कुणाला पाहतंय हे आईवडिलांना नीट कळत नव्हतं.

मंडळाच्या संग्रहात सध्या अशी तेवीस कार्डं आणि पत्रं जमली आहेत, बहुतेक दांडिया बाजार आणि बाबाजीपुऱ्यातली. ग्वाल्हेर-इंदूरकडची बाजू फारच कमी आहे. तिकडच्या वाचकांच्या ट्रंकांत 'योग नाही', 'पत्रिका जुळत नाही' किंवा 'पसंत आहे, पुढील बोलणी करावी' असं काही सापडलं तर नावं झाकून फोटो पाठवा. पोस्टाचा शिक्का मात्र झाकू नका, तारखेसाठी तोच कामाचा आहे.