खड्ड्यात उतरता का जरा?

आधी बसमधून उतरा. पायरीशी पाय जपून ठेवा, तिथे पिठाचा डबा आहे. डब्याला टेकून कॅमेऱ्याची पेटी, पेटीवर कुणाचं तरी दुपटं. लग्नाचं वऱ्हाड वाटलं ना? हे सिनेमावालं रामसे कुटुंब आहे. महाबळेश्वरला भूत काढायला आलंय. मांत्रिक काढतो तसं नाही हो, फोटो काढतात तसं!

धुकं इतकं की हात पुढे केला तर बोटं ओली होतात. सरकारी विश्रामगृहामागे जनरेटर धडधडतोय, डिझेलचा वास घशात बसतो. दिव्यासमोर उभे राहिलात तर तोंड भाजतं आणि पाठ गारठते. काचेवर किडे चरचरतात. कॅमेऱ्यामागे गंगू, आवाज किरणकडे, कागद कुमारकडे. तुलसी आणि श्याम "फिर से" म्हणतात, की सगळं पुन्हा पहिल्यापासून. सात भावांपैकी मोकळा कुणीच नाही. घरच्या बायका स्वयंपाक बघतात, कपडे बघतात, रंगरंगोटीही करतात. म्हणजे भुताच्या गालाला इथे हळदीचा वास येत असणार.

वडील एफ. यू. रामसे, मूळ आडनाव रामसिंघानी. लॅमिंग्टन रोडवर त्यांचं रेडिओचं दुकान. सिनेमात हात पोळलेले. 'एक नन्ही मुन्नी लडकी थी' पडला, पण मुखवटा चढवून चोरी करणाऱ्या पृथ्वीराज कपूरांना बघून थिएटर दचकायचं, तेवढ्यासाठी लोक परत यायचे. पोरांनी ते हेरलं. मग अख्खा सिनेमाच दचकवणारा का नको? म्हणून हा 'दो गज जमीन के नीचे', १९७२ साली पडद्यावर येईल. खर्च सुमारे ३.५ लाख, मुदत ४० दिवस. मोठा स्टुडिओ नाही, मोठा नट नाही. मला विचाराल तर घरच्या कार्याला जशी माणसं राबतात, तशीच ही राबतायत. फक्त मांडवाच्या जागी कबर खणलीय.

बघत काय उभे राहिलात? इथे रिकामा दिसला की माणसाला काम लागतं. प्रेत करणारा नट चहाला गेलाय, तोवर प्रकाश जुळवायला कुणीतरी आडवं व्हायला हवं. उतरा खड्ड्यात. माती लाल, चिकट, गार. मानेखाली एक खडा टोचतोय, तो काढायचा नाही. डोळे मिटा. छातीवर पहिलं घमेलं पडतं. दुसरं. कानात माती जाते आणि वरचे आवाज दूर जातात.

तेवढ्यात स्वयंपाकघरातून एक हाक येते. सिंधी तुम्हाला येत नाही, पण कढीची फोडणी कुठल्याही भाषेत कळते. घमेलं खाली ठेवल्याचा आवाज. चपलांची फटफट. दिवा विझतो, जनरेटर बंद पडतो.

अहो! मी अजून खाली आहे!