शांतता शर्यत (पीस रेस)

शांतता शर्यत ही मध्य युरोपातील हौशी सायकलपटूंची अनेक टप्प्यांची शर्यत होती. दुसऱ्या महायुद्धानंतर पोलंड आणि चेकोस्लोव्हाकिया यांच्यातील संबंध ताणलेले होते. ते सुधारावेत म्हणून दोन्ही देशांतील कम्युनिस्ट वृत्तपत्रांनी १९४८ मध्ये वॉर्सा आणि प्राग या शहरांदरम्यान ही शर्यत सुरू केली. १९५२ पासून पूर्व जर्मनीही आयोजनात सहभागी झाला आणि मार्ग बर्लिनपर्यंत वाढला. ज्या जर्मनीने वॉर्सा उद्ध्वस्त केले, त्याच देशाचे खेळाडू आता तिथल्या रस्त्यांवर धावू लागले. पिकासोचे कबुतर हे शर्यतीचे बोधचिन्ह होते.

पूर्व युरोपात व्यावसायिक सायकलिंग नव्हते. त्यामुळे तिथल्या खेळाडूंसाठी हीच सर्वांत मोठी शर्यत ठरली. पूर्व जर्मनीचा गुस्ताव्ह-आडोल्फ शूर १९५५ आणि १९५९ मध्ये विजेता झाला, तर पोलंडच्या रिशार्ड शुर्कोव्हस्कीने ती चार वेळा जिंकली.

१९८६ ची शर्यत कीव्हमधून सुरू झाली, तेव्हा जवळच्या चेर्नोबिल अणुदुर्घटनेला जेमतेम दहा दिवस झाले होते. अनेक पाश्चात्त्य संघांनी माघार घेतली; पण शर्यत रद्द झाली नाही. शांततेच्या नावाने भरणाऱ्या या शर्यतीत खेळाडूंच्या सुरक्षिततेपेक्षा राजकीय प्रतिष्ठा मोठी ठरली. कम्युनिस्ट राजवटी कोसळल्यावर शर्यतीचा सरकारी आधार गेला आणि २००६ नंतर ती बंद पडली.