खेळाचं बिऱ्हाड

घरातल्या कॉम्प्युटरचा सी ड्राइव्ह भरून लाल झाला की आपल्यापैकी बहुतेकजण एकच करतात. सगळ्यात मोठा दिसणारा गेम काढून टाकतात, नवीन एसएसडी बसवतात आणि तोच गेम पुन्हा इंटरनेटवरून उतरवायला लावतात. 'बाल्डर्स गेट ३' किंवा 'रेड डेड रिडेम्प्शन २' यांना प्रत्येकी १५० जीबी जागा लागते. ५० एमबीपीएसच्या जोडणीवर, ती पूर्ण वेगानं चालली तरी, एवढा माल यायला साडेसहा तासांहून जास्त लागतात. तोच माल एका डिस्कवरून दुसरीवर, अगदी साध्या यूएसबी हार्ड डिस्कवर न्यायचा म्हटलं तरी साधारण अर्धा तास. अमेरिकेतल्या वाचकांसाठी आणखी एक हिशोब आहे. कॉमकास्टनं २०१६ मध्ये बऱ्याच भागांत महिन्याला १ टीबीची मर्यादा घातली, २०२० मध्ये ती १.२ टीबी केली. त्या मर्यादेत असा एक गेम दोनदा उतरवला की महिन्याच्या कोट्यातला पाव भाग जात असे.

मग लोक असं का करतात? गेम नेमका कुठे ठेवलाय हे ठाऊक नसतं, आणि सापडला तरी उचलून दुसरीकडे ठेवल्यावर चालेल याची खात्री नसते. ही अवस्था तीस वर्षांत हळूहळू तयार झाली. कशी, ते पाहू.

डॉसच्या काळात हा प्रश्नच नव्हता. नव्वदच्या दशकात पुण्या-मुंबईत किंवा एखाद्या तालुक्याच्या गावी कॉम्प्युटर क्लासमध्ये ज्यांनी 'प्रिन्स ऑफ पर्शिया' खेळला असेल त्यांना आठवेल. गेम म्हणजे एक डिरेक्टरी. तिच्यात गेम सुरू करणारी एक फाइल आणि चित्रं-आवाजांच्या काही डॅट फाइली. सगळं बिऱ्हाड एका फ्लॉपीत मावायचं. कॉपी केलं की झालं. ज्या कॉम्प्युटरवर नेऊन ठेवाल तिथे चालणार. सुरू करताना 'प्रिन्स मेगाहिट' असं टाइप केलं की चोरवाटा उघडतात, ही माहितीही फ्लॉपीबरोबरच हातोहात फिरायची. (यातल्या किती फ्लॉप्या विकत घेतलेल्या होत्या, हे आता विचारू नये.)

गंमत म्हणजे फाइल एका जागेहून दुसऱ्या जागी 'हलवण्या'ची वेगळी आज्ञा डॉसमध्ये बरीच वर्षं नव्हती. 'मूव्ह' आली ती १९९३ च्या एमएस-डॉस ६.० मध्ये. तोवर आधी कॉपी करायची, मग जुनी पुसायची. माझ्या मते तीच पद्धत आजही सगळ्यात शहाणपणाची आहे. नवीन जागी गेम सुरू झालेला डोळ्यांनी पाहिल्याशिवाय जुनी जागा रिकामी करू नये.

त्याच वर्षी, १० डिसेंबर १९९३ ला, 'डूम' आला. त्याचा फुकट वाटायचा पहिला भाग अमेरिकेतल्या विस्कॉन्सिन विद्यापीठाच्या सर्व्हरवर चढवला गेला आणि तिथून जगभर पसरला. त्याच्या रचनेकडे जरा थांबून पाहण्यासारखं आहे. खेळ चालवणारा प्रोग्रॅम एका फाइलीत, आणि नकाशे, भिंती, राक्षस, आवाज असा सगळा माल 'वॅड' नावाच्या दुसऱ्या एका मोठ्या फाइलीत. पूर्ण गेमची ही वॅड सुमारे ११ एमबीची होती. माल वेगळा ठेवल्यामुळे लोकांना स्वतःचे नकाशे करता आले. आणि त्याचमुळे आज, तीस वर्षांनंतरही, तीच जुनी वॅड नव्या कॉम्प्युटरवरच्या नव्या प्रोग्रॅमला दाखवली की डूम चालतो. खेळ हलवायचा म्हणजे कोणती एक फाइल हलवायची, हे इथे अगदी स्पष्ट होतं.

मग ऑगस्ट १९९५ मध्ये विंडोज ९५ आलं आणि गाडी वळली. प्रोग्रॅमांसाठी 'प्रोग्रॅम फाइल्स' हा ठरावीक फोल्डर आला आणि रजिस्ट्री हे मध्यवर्ती दप्तर झालं. कुठला प्रोग्रॅम कुठे बसवलाय, त्याची आवृत्ती कोणती, सीडी कोणत्या ड्राइव्हमध्ये आहे, हे सगळं तिथे लिहिलं जाऊ लागलं. आपल्याकडे जमिनीचा सातबारा असतो ना, तसंच हे. जमीन तुमच्या ताब्यात असली तरी दप्तरी नोंद नसेल तर पुढचं काम अडतं. गेमचा फोल्डर जसाच्या तसा मित्राच्या कॉम्प्युटरवर नेला, तर बरेच गेम 'मी इथे बसवलेलोच नाही' म्हणून हटून बसत. घरच्या कॉम्प्युटरला दुसरी हार्ड डिस्क जोडली आणि सीडी ड्राइव्हचं अक्षर डीवरून ई झालं, तरी काही गेम हातातली सीडी नाकारत. माल तोच, यंत्रही तेच. फक्त नोंदीतला पत्ता जुना राहिला.

तरीही सीडी कपाटात होती. फार तर पुन्हा इन्स्टॉल करायचं. नोंद बिघडली तर माल घरातच होता.

ही स्थिती 'स्टीम'नं बदलली. व्हॉल्व्ह कंपनीनं स्टीम १२ सप्टेंबर २००३ ला आणलं, आणि १६ नोव्हेंबर २००४ ला 'हाफ-लाइफ २' बाजारात आला तेव्हा, दुकानातून डबा विकत आणलेल्यालाही इंटरनेटवरून स्टीमकडे नोंदणी केल्याशिवाय तो खेळता येईना. लोक चिडले होते. पाच सीड्या हातात, पैसे मोजलेले, आणि परवानगी मात्र दुसऱ्याच्या दारात.

स्टीमची सुरुवातीची साठवणही विचित्र होती. माल 'जीसीएफ' नावाच्या मोठ्या बंद गाठोड्यांत असे, आणि एकच गाठोडं अनेक गेम मिळून वापरत. एकत्र कुटुंबातल्या माळ्यावरच्या भांड्यांसारखं: हे पातेलं कोणाचं, याला उत्तर नाही. एकच गेम उचलून न्यायचा तर काय उचलायचं? शिवाय सगळं स्टीमच्याच फोल्डरात, एकाच ड्राइव्हवर. सोय होती ती बॅकअपची. स्टीम गेमचे तुकडे पाडून देई, सीडीच्या आकाराचे हवेत की डीव्हीडीच्या, हे विचारून. दुसरा मार्ग म्हणजे अख्खं स्टीमच हलवायचं. त्याची रीत आजही उपयोगी आहे: स्टीम बंद करायचं, त्याच्या फोल्डरातल्या स्टीमॲप्स आणि यूजरडेटा या दोन फोल्डरांना आणि स्टीमच्या मुख्य फाइलीला हात न लावता बाकी सगळं पुसायचं, उरलेलं उचलून नव्या ड्राइव्हवर ठेवायचं आणि तिथून सुरू करायचं. पुसलेलं सामान स्टीम स्वतः परत आणतं. ते थोडंसंच असतं.

नंतर एसएसडी आल्या. सुरुवातीला ६० किंवा १२० जीबीच्या, महाग, पण फार वेगवान. शेजारी जुनी १ टीबीची हार्ड डिस्क. आवडता गेम वेगवान डिस्कवर, बाकीचे जुन्या डिस्कवर, अशी वाटणी प्रत्येकाला हवी होती, आणि स्टीम ती करू देत नव्हतं. तेव्हा खेळणाऱ्यांनी विंडोजच्याच एका अडगळीतल्या सोयीचा आधार घेतला: जंक्शन. गेमचा फोल्डर दुसऱ्या ड्राइव्हवर न्यायचा आणि जुन्या जागी त्याच नावाची एक पाटी सोडायची, 'पुढील मुक्काम अमुक ठिकाणी'. विंडोज गुपचूप तिकडे पोचवतं. स्टीमला वाटतं गेम अजून सी ड्राइव्हवरच आहे. ही सोय विंडोज २००० पासून होती, पण व्हिस्टामध्ये 'एमकेलिंक' ही आज्ञा आल्यावर सामान्य माणसाच्या हातात आली. एखाद्या गेमला दुसरी जागा निवडूच देत नाही असा लाँचर भेटला, तर हा जुगाड आजही चालतो.

२०१२ च्या सुमारास स्टीमनं नमतं घेतलं आणि वेगवेगळ्या ड्राइव्हवर 'लायब्ररी' करू दिल्या. २०१३ मध्ये व्हॉल्व्हनं आपले जुने गेमही गाठोड्यांतून बाहेर काढून साध्या फोल्डरांत मांडले. मला हा सगळ्यात मोठा बदल वाटतो. तुमच्या कॉम्प्युटरवर आजही पाहा: स्टीमॲप्स फोल्डरात 'कॉमन' नावाचा फोल्डर, त्यात प्रत्येक गेमचं स्वतंत्र घर. आणि बाहेर, स्टीमॲप्समध्येच, 'ॲपमॅनिफेस्ट' नावानं सुरू होणाऱ्या छोट्या फाइली, प्रत्येकीच्या नावात एक आकडा. ४४० म्हणजे 'टीम फोर्ट्रेस २', ५७० म्हणजे 'डोटा २', २२० म्हणजे 'हाफ-लाइफ २'. फाइल नोटपॅडमध्ये उघडा. गेमचं नाव, फोल्डरचं नाव, डिस्कवरचा आकार, साध्या अक्षरांत लिहिलेलं दिसेल. हाच त्या गेमचा सातबारा, आणि तो आता रजिस्ट्रीच्या दप्तरातून निघून गेमच्या शेजारी येऊन बसलाय.

म्हणून नव्या कॉम्प्युटरवर जाताना दोन गोष्टी न्यायच्या: 'कॉमन'मधला गेमचा फोल्डर आणि त्याच्या आकड्याची ही छोटी फाइल. स्टीम बंद असताना दोन्ही नव्या लायब्ररीत आपापल्या जागी ठेवा, मग स्टीम सुरू करा. छोटी फाइल राहून गेली तरी बिघडत नाही. फोल्डर नेमक्या त्याच नावानं ठेवून 'इन्स्टॉल' दाबलं की स्टीम आधी तिथे काय पडलंय ते शोधतं. स्टीमच्या साठवणीत प्रत्येक फाइलीचे साधारण १ एमबीचे तुकडे मानलेले असतात आणि प्रत्येक तुकड्याचा एक ठसा नोंदलेला असतो. तुमच्या डिस्कवरच्या तुकड्याचा ठसा जुळला की तो तुकडा पुन्हा मागवला जात नाही. १५० जीबीतले २ जीबी जुने निघाले तर तेवढेच येतात. त्याच कॉम्प्युटरवर फक्त ड्राइव्ह बदलायचा असेल तर एवढंही नको: २०१७ पासून गेमच्या प्रॉपर्टीजमध्येच हलवण्याचं बटण आहे. आणि फोल्डर सापडत नसेल, तर गेमच्या नावावर उजवी क्लिक करून 'मॅनेज'मध्ये 'ब्राउज लोकल फाइल्स' निवडा. स्टीम थेट दारात नेऊन सोडतं.

२०२३ च्या फेब्रुवारीत आणखी एक सोय आली. घरातल्या एका कॉम्प्युटरवर गेम असेल तर दुसरा तो घरच्या नेटवर्कवरून घेतो, बाहेर जातच नाही. दोन मुलं आणि मोजकं इंटरनेट असलेल्या घरात याचं मोल सांगायला नको.

इतर दुकानदारांबद्दल थोडक्यात. एपिकचं दुकान डिसेंबर २०१८ चं. त्याच्या नोंदी गेमजवळ नसून सी ड्राइव्हवरच्या लपलेल्या 'प्रोग्रॅमडेटा' फोल्डरात असतात, म्हणून नुसता फोल्डर नेऊन भागत नाही. तिथली जुनी युक्ती अशी: गेमच्या फोल्डराचं नाव बदलून ठेवायचं, नवीन जागी इन्स्टॉल सुरू करायचं, एक-दोन टक्के झालं की थांबवायचं, जुना माल त्या नव्या फोल्डरात ओतायचा आणि पुढे चालू करायचं. नोंद नवीन होते, माल जुनाच राहतो. मायक्रोसॉफ्टनं २०१२ च्या विंडोज ८ पासून आपल्या दुकानातला माल 'विंडोजॲप्स' नावाच्या अशा फोल्डरात ठेवला की कॉम्प्युटरच्या मालकालाही तो सहज उघडता येत नाही. तिथे कुलूप तोडायच्या भानगडीत पडू नका. सेटिंग्जमध्ये ॲपच्या नावाखाली 'मूव्ह' असतं, ते वापरा. पुढे एक्सबॉक्सचे गेम उघड्या फोल्डरात बसवता येऊ लागले, तेव्हा हा जाच पुष्कळ कमी झाला.

पोलंडच्या 'गॉग'नं २००८ पासून वेगळाच रस्ता धरला. त्यांची इन्स्टॉलर फाइल एकदा उतरवून हार्ड डिस्कवर ठेवली की पुढे कोणाला विचारायचं नाही, फ्लॉपीच्या काळासारखंच.

या फरकाला किती वजन आहे ते २०२४ मध्ये दिसलं. युबिसॉफ्टनं 'द क्रू' या गेमचे सर्व्हर ३१ मार्चला बंद केले आणि पाठोपाठ विकत घेतलेल्यांचे परवानेही काढून घेतले. फाइली लोकांच्या डिस्कवर होत्या, हव्या तिकडे हलवता येत होत्या, आणि गेम मात्र चालत नव्हता. त्याच वर्षी कॅलिफोर्नियानं कायदा केला, १ जानेवारी २०२५ पासून लागू: ग्राहकाला फक्त परवाना मिळत असेल तर तसं स्पष्ट सांगितल्याशिवाय 'खरेदी' हा शब्द वापरायचा नाही. बे एरियातल्या वाचकांनी स्टीमच्या खरेदीच्या पानावरची ती ओळ पाहिली असेल. ती ऑक्टोबर २०२४ मध्येच आली. जो माल कायमचा उतरवून इंटरनेटशिवाय वापरता येतो, त्याला या कायद्यातून सूट आहे.

शेवटी एक गोष्ट जी कोणत्याच सर्व्हरवरून परत आणता येईलच असं नाही: तुमच्या मुलीनं तीन महिने खेळून साठवलेली प्रगती. डॉसमध्ये ती गेमच्याच डिरेक्टरीत असायची, त्यामुळे आपोआप बरोबर यायची. विंडोजमध्ये ती विखुरली. कधी डॉक्युमेंट्समधल्या 'माय गेम्स'मध्ये, कधी व्हिस्टापासून आलेल्या 'सेव्हड गेम्स'मध्ये, कधी लपलेल्या 'ॲपडेटा'त. बऱ्याच गेमांची प्रत क्लाउडवर जाते, सगळ्यांची नाही. तेव्हा जुना लॅपटॉप पुसून भारतातल्या भाच्याला द्यायच्या आधी या तिन्ही जागा उघडून बघा, आणि गेमचं नाव दिसलं तर तो फोल्डरही बरोबर घ्या. बहुतेक वेळा तो काही एमबींचाच असतो.