फेक, फीड आणि पिकलेला हशा

मृग जवळ आला की नाशिकला लागून असलेल्या मोखाड्यात राबाच्या जागा काळ्या पडलेल्या दिसतात. उन्हाळ्यात तिथे शेण, पालापाचोळा, झाडांच्या छाटलेल्या फांद्या, वर गवत असे थर रचून जाळलेले असतात. या भाजलेल्या जमिनीवर भाताचं, नागलीचं, वरईचं बी हातानं फेकायचं आणि रोपं वर आली की उपटून दुसरीकडे आवणी करायची. बी फेकणारा हात बघत राहावा असा असतो. मूठ पुरती उघडत नाही. बोटांच्या फटींतून बी सुटतं, मनगटाला एक हिसका बसतो आणि दाणे ढिगानं न पडता पसरून पडतात. शेतीच्या पुस्तिकांत याला ‘फोकून पेरणी’ म्हणतात. इंग्रजीत याच कामाचं नाव ‘ब्रॉडकास्ट’.

अठराव्या शतकातल्या इंग्रज शेतीलेखकांना हा शब्द वारंवार लागे, कारण तेव्हा ओळीत पेरणारी यंत्रं आली होती आणि जुन्या हातफेकीला वेगळ्या नावाची गरज पडली होती. रेडिओला तो चिकटला विसाव्या शतकात, १९२०च्या आसपास. तार आणि टेलिफोन एकाकडून एकाकडे जात. बिनतारी संदेश मात्र ज्याच्याकडे यंत्र असेल त्या प्रत्येकाला ऐकू येई, आणि आधीच्या अभियंत्यांना हा दोष वाटे, कारण त्यात गुपित राहत नसे. पुढे कुणाच्या तरी लक्षात आलं की दाणे कुठेही पडतात हाच तर या पेरणीचा फायदा आहे. दोषाचा धंदा झाला आणि धंद्याला शेतातलं नाव मिळालं.

मुंबईचं नभोवाणी केंद्र २३ जुलै १९२७ला सुरू झालं. मराठीनं या नव्या कामासाठी शब्द घडवले ते ध्वनिक्षेपण, प्रक्षेपण, सहक्षेपण असे. मुळाशी संस्कृतातला ‘क्षिप्’ धातू, म्हणजे फेकणं. हिंदीनं ‘प्रसारण’ पसंत केलं, त्यात नुसतं पसरणं आहे. हे शब्द घडवणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर राब होता असं मला मुळीच म्हणायचं नाही. पण हात उचलून भिरकावण्याची क्रिया इंग्रजी आणि मराठी या दोन्ही भाषांनी आपापल्या वाटेनं गाठली. शिवाय मराठीत ती जागा रिकामी नव्हतीच. तिथे नाटकवाले आधीच बसले होते, ‘संवादफेक’ घेऊन.

संवादफेक, शब्दफेक, आवाजाची फेक. हे शब्द त्या रंगभूमीचे, जिथे माईक नव्हता आणि पिटातल्या शेवटच्या माणसानं पूर्ण पैसे दिलेले असत. वाक्य खरोखरच फेकावं लागे. पोटातून श्वास, शेवटचं अक्षर न गिळणं, तोंड प्रेक्षकांकडे. विनोदी नटाला याहून जास्त काम असे, कारण गंभीर वाक्यातला एखादा शब्द हरवला तरी अर्थ पोचतो, पण विनोदात नेमका तोच शब्द हरवला तर वाक्य ‘पडतं’. पडलेलं वाक्य उचलता येत नाही, पुढचं टाकावं लागतं. म्हणून विनोदी नट वाक्याचा शेवट मोकळा ठेवतो, हशा ‘घेतो’, तो उतरणीला लागला की मगच पुढचं वाक्य सोडतो. पूर्ण थांबू दिला तर प्रयोग थंडावतो आणि मध्येच बोललं तर पुढचं वाक्य हशात बुडतं. नाटकवाले याला टायमिंग म्हणतात, आणि आता हा शब्द मराठीच आहे.

मग माईक आला आणि फेकणं हाच गुन्हा झाला. रंगमंचावरून स्टुडिओत आलेल्या नटांना पहिली शिकवण असे ती मागे सरकण्याची आणि हळू बोलण्याची. ध्वनिमापकाची सुई लाल भागात गेली की रेकॉर्डिस्ट काचेआडून हात हलवून सांगणार, ‘पीक होतंय.’ (हे ‘पीक’ इंग्रजी, त्याचा अर्थ शिखर. पण मोखाड्याच्या माणसाला पीक झाल्याची बातमी देताना कुणी कपाळाला आठ्या घातल्या तर त्याला कोडंच पडेल.) नभोनाट्यात समोर प्रेक्षक नाही, म्हणजे हशा घेण्याची सोय नाही. नटानं मनातल्या मनात हशा मोजायचा आणि तेवढी जागा सोडायची. जास्त सोडली तर रेडिओत ती जागा शांतता म्हणून ऐकू येते, आणि प्रक्षेपणात शांततेसारखी भीती दुसरी नाही.

गंमत अशी की फेक गेली तरी शब्द राहिला. श्रुतिकेतल्या नटाबद्दलही ‘फेक चांगली आहे’ असंच म्हटलं जाऊ लागलं, पण आता त्याचा अर्थ अंतर उरला नव्हता. आता तो वळण, विराम, शब्दाला दिलेला किंचित धक्का असा झाला, म्हणजे सगळा मनगटाचा मामला. आकाशवाणी मुंबईच्या ‘प्रपंच’ आणि ‘पुन्हा प्रपंच’मध्ये टेकाडे भाऊजी, मीनावहिनी आणि पंत, म्हणजे प्रभाकर जोशी, नीलम प्रभू आणि बाळ कुडतरकर, हे काम किती सहज करत ते जुन्या श्रोत्यांना अजून आठवतं. घरातल्या साध्या कुरबुरीतून शासनाची एखादी योजना सांगायची असे, आणि ती योजना लक्षात राहो न राहो, टेकाडे भाऊजींचा सूर राही. नीलम प्रभूंचे पती बबन प्रभू तर दोन्ही दरवाज्यांतून ये-जा करणारे होते. एकीकडे आकाशवाणी, दुसरीकडे ‘झोपी गेलेला जागा झाला’सारखे फार्स. असे लोक असले की एका धंद्याचे शब्द दुसऱ्या धंद्यात आपोआप रुजतात.

या दोन्ही धंद्यांत आज सर्रास चालणारा एक शब्द म्हणजे ‘फीड’. वाहिनीच्या कंट्रोल रूममध्ये विचारतात, ‘मुंबईची फीड आली का?’ म्हणजे चित्र-आवाजाचा प्रवाह. इंग्रज विनोदी जोड्यांत मात्र ‘फीड’ हा माणूस असतो. दोघांतला जो शहाणा, सरळ, कंटाळवाणा, तो दुसऱ्याला वाक्यं पुरवतो, दुसरा त्यावर हशा मिळवतो, आणि लोकांना नाव दुसऱ्याचं आठवतं. मराठीत या माणसाला एकच एक नाव नाही, पण माणूस जुना आहे. विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली सांगलीत ‘सीता स्वयंवर’ केलं तेव्हा सूत्रधाराच्या जोडीला विदूषक होता. सूत्रधार नीट विचारणार, विदूषक भलतंच समजणार. तमाशाच्या बतावणीतही हेच चालतं. सोंगाड्या मोठा, पण त्याला प्रश्न विचारणारा कच्चा निघाला तर सोंगाड्याचं काही खरं नाही. वसंत सबनीसांच्या ‘विच्छा माझी पुरी करा’त दादा कोंडके दिवसभराच्या बातम्यांतली नावं ऐनवेळी घालत. नाटकवाल्यांच्या भाषेत ती ‘अ‍ॅडिशन’. त्या अ‍ॅडिशनला समोरच्याची साथ नसती तर ती तशीच लोंबकळत राहिली असती. आणि बघा, तो सूत्रधार पुढे गेला कुठे? नभोवाणीवर आणि दूरदर्शनवर, सूत्रसंचालक होऊन. विदूषकाला वाक्यं पुरवणारा मालक झाला आणि विदूषक पाहुणा.

पण जव्हार-मोखाड्यात या घराण्याची त्याहून जुनी शाखा दिसते. होळीनंतर आखातीपर्यंत (अक्षय्य तृतीयेपर्यंत), म्हणजे राबाच्या दिवसांतच, इथल्या गावांत बोहाडा होतो. कुठे त्याला भोवाडा म्हणतात. रात्रभर मशालींच्या उजेडात गावच्या रस्त्यावरून एकेक सोंग निघतं. आधी गणपती, मग मोरावरची शारदा, मग रामायणातली आणि पुराणातली पात्रं, देव आणि राक्षस, वेताळ, रावण, नरसिंह. पहाटे जगदंबा आणि महिषासुराची झुंज. कोकणा, वारली, महादेव कोळी, ठाकूर असे सगळे यात असतात. मुखवटा बहुधा एका घराकडे असतो, बापाकडून मुलाकडे आलेला. पूर्वी लाकडाचे, पुढे कागदाच्या लगद्याचे. इथे लोक ‘भूमिका’ करत नाहीत, सोंग ‘काढतात’ किंवा सोंग ‘निघतं’.

गणपती आणि मग मोरावरची सरस्वती हा क्रम भाव्यांच्या नाटकांतही होता, दक्षिण कोकणातल्या दशावतारातही आहे. तमाशातला गण हा त्याच रस्त्यावरचा. कुणी कुणाकडून घेतलं याचे वाद पंडितांनी घालावेत. मला त्यात दिसतो तो प्रक्षेपणाचा नियम. कार्यक्रमाआधी ओळखीची खूण वाजलीच पाहिजे. आकाशवाणीच्या सकाळची ती धून वॉल्टर कॉफमन या युरोपातून आलेल्या संगीतकारानं बांधली असं मानलं जातं. बोहाड्यातही सोंगासोंगाची चाल वेगळी, संबळाचा ठेका वेगळा, त्यामुळे मशालीच्या उजेडात मुखवटा दिसायच्या आधी कोण येतंय ते कळतं. आजच्या विनोदी कार्यक्रमांत पात्राच्या ‘एन्ट्री’ला वाजवतात ते म्युझिक दुसरं काय असतं?

मात्र बोहाड्यात संवादफेक जवळजवळ नाही. एवढा जड मुखवटा चेहऱ्यावर असताना बोलणार कसं? बहुतेक सोंगं नाचतात. पावलं, खांदे, मुखवट्याची मान किती वळली, किती झुकली, सगळी फेक तिथे. नभोवाणी याच्या नेमकी उलट, तिथे नुसता आवाज. कदाचित म्हणूनच रेडिओतला विनोद शहरी आणि घरगुती राहिला, आणि सोंगाचा विनोद जेव्हा छोट्या पडद्यावर आला तेव्हा धबधब्यासारखा आला. ‘सोंगाड्या’ हा शब्द त्याच नावाच्या सिनेमानं १९७१ साली घरोघरी नेला होता. पुढे ‘चला हवा येऊ द्या’त आणि ‘महाराष्ट्राची हास्यजत्रा’त पुरुषांनी साडी नेसणं, एकाच नटानं एका भागात चार माणसं होणं, हे सगळं सोंगच होतं, फक्त नाव ‘स्किट’ होतं. नटांच्या बोलण्यात आता ‘बेअरिंग’ असतं, ‘पंच’ असतो. या पंचाचा ग्रामपंचायतीशी संबंध नाही, ठाण्याहून निघणाऱ्या जुन्या ‘हिंदु पंच’ साप्ताहिकाशीही नाही. ‘हिंदु पंच’चं नाव लंडनच्या ‘पंच’वरून आलं, आणि त्याचं तिथल्या बाहुल्यांच्या खेळातल्या भांडखोर बाहुल्यावरून. विनोदातला पंच नुसता ठोसा आहे.

आता हशाकडे. मराठीत हशा ‘पिकतो’. सभेत एकदम हसू फुटलं की ‘खसखस पिकली’. हसण्याचा सळसळता आवाज आणि बोंडात खुळखुळणारे बारीक दाणे यांची कुणीतरी सांगड घातली असावी, असा आपला माझा तर्क. पण ‘पिकणे’ हे क्रियापद मला फार नेमकं वाटतं. हशा केला जात नाही, तो यावा लागतो. ‘लावणी’ हे नाव भाताच्या लावणीवरून आलं असं सांगणारेही आहेत. मला ते ओढूनताणून वाटतं, तरी सांगणाऱ्यांना तसं सुचावं यातच आपल्या करमणुकीच्या भाषेला मातीची किती सवय आहे ते कळतं.

दूरचित्रवाणीनं या पिकाला पर्याय काढला. अमेरिकेतल्या सीबीएसमधल्या चार्ल्स डग्लस नावाच्या ध्वनी अभियंत्यानं १९५०च्या दशकात हशांची पेटी तयार केली. कळ दाबली की खुदखुद, दुसरी दाबली की गडगडाट. खऱ्या प्रेक्षकांचा हशा अपुरा पडला की त्यात हा मिसळायचा, आणि त्या मिसळण्याला धंद्यात ‘गोड करणं’ म्हणत. आपल्याकडेही विकतचा हशा आला. वाक्य पडलं तरी हशा पिकल्यासारखा ऐकू येऊ लागला, आणि त्यामुळे वाक्य पडलं हे नटालाच कळेनासं झालं, ही मला त्यातली खरी हानी वाटते.

प्रक्षेपणाचा शेताशी संबंध मध्ये एकदा अक्षरशः जुळला होता. १९५६ साली युनेस्कोच्या मदतीनं पुणे केंद्रानं पाच जिल्ह्यांतल्या १५० गावांत शेतकऱ्यांची श्रोतामंडळं उभी केली. कार्यक्रम ऐकायचा, मग त्यावर चर्चा करायची आणि प्रश्न केंद्राला पाठवायचे. त्या पाच जिल्ह्यांत मोखाड्याला लागून असलेला नाशिक होता, पण खुद्द मोखाडा तेव्हा ज्यात होता तो ठाणे नव्हता. पुढे जव्हार-मोखाड्याचं नाव शहरी श्रोत्यांच्या कानावर सर्वात मोठ्यानं पडलं ते १९९२-९३मध्ये, वावर-वांगणीच्या कुपोषणाच्या बातम्यांतून. एकाकडून अनेकांकडे जाणाऱ्या आवाजात दूरचं गाव बहुधा संकटात सापडल्यावरच येतं.

आता बोहाड्याची सोंगंही मोबाईलवर दिसतात आणि विनोदी तुकडे वाहिनीपेक्षा जास्त तिथेच पाहिले जातात. या नव्या हवेचा मोठा शब्द ‘व्हायरल’. इतका वेळ आपण बी, मूठ, फेक, पीक यांच्यात होतो, हा शब्द थेट दवाखान्यातून आलाय. पेरणाऱ्याला निदान कुठल्या अंगाला मूठ सोडली ते ठाऊक असतं, व्हायरल झालेल्याला तेही ठाऊक नसतं. मात्र वाहिनीवरचे परीक्षक स्किट आवडलं की अजून जुनंच बोलतात, ‘फेक छान होती.’ आणि ज्याला सांगतात त्याच्या छातीवर माईक टाचलेला असतो.