पहिल्या मालिकेची विसरलेली नटी

इतिहास म्हटला की राण्या नि लढाया आठवतात. मी सातवीपर्यंत शिकलेली गृहिणी. पण मला वाटते, ज्यांचे काम कोणी जपून ठेवले त्यांचाच इतिहास होतो. अमेरिकन नटी मेरी के स्टर्न्स हिची हकीकत वाचून हे मला पटले.

तेथे दूरचित्रवाणी नुकती बाळसे धरीत होती. १८ नोव्हेंबर १९४७ रोजी न्यूयॉर्क येथे ड्युमाँट कंपनीने ‘मेरी के अँड जॉनी’ ही पंधरा मिनिटांची मालिका सुरू केली. मेरी के नायिका, तिचा खराखुरा नवरा जॉनी नायक, लेखनही त्याचेच. नव्या जोडप्याचा लहानशा बिऱ्हाडातला संसार, एवढाच विषय. अमेरिकेतील दूरचित्रवाणीवरची ही पहिली विनोदी कौटुंबिक मालिका समजतात.

काम नाटकासारखे जिवंत चाले. चुकले तर पुन्हा करण्याची सोय नव्हती. तिला दिवस गेले तेव्हा तिने काम सोडले नाही. जॉनीने ते कथेतच गुंफले. डिसेंबर १९४८ मध्ये मुलगा झाला आणि थोड्याच दिवसांत ते तान्हे बाळही पडद्यावर आले!

हे पाहते तरी कोण, हे एका जाहिरातदाराला हवे होते. पत्र लिहिणाऱ्या पहिल्या २०० जणांना त्याने छोटा आरसा देऊ केला. पत्रे आली जवळजवळ ९०००!

मार्च १९५० मध्ये मालिका संपली. पुढच्याच वर्षी ‘आय लव्ह लूसी’ सुरू झाली. ती फिल्मवर चित्रित होई, म्हणून टिकली. १९५२-५३ मध्ये लूसीचे गरोदरपण दाखवले गेले, त्याचा केवढा गाजावाजा झाला! मेरी केने ते चार वर्षे आधी केले होते. पण चित्रफितीचे यंत्र आले १९५६ साली. पडद्यावरून फिल्मवर उतरवलेल्या तिच्या कामाच्या नकलाही बहुतेक नाहीशा झाल्या. २०१८ मध्ये, नव्वदी उलटल्यावर ती वारली.

आपल्या कामाचेही असेच आहे. सकाळचा स्वयंपाक रात्री कोणाच्या लक्षात राहतो? म्हणून या वर्धापनदिनी एवढेच सुचवावेसे वाटते: भाषणे करणाऱ्यांबरोबर सतरंज्या घालणाऱ्या नि चहाची भांडी विसळणाऱ्या भगिनींचीही नावे मंडळाच्या वहीत लिहावीत. वहीला खर्च थोडा, पण आठवण पुष्कळ राहते.